'१०८०पी' वाचून फसू नका

कसबा पेठेत मंडळांना, सोसायट्यांना पडद्यावर सिनेमा दाखवायचा धंदा सुरू करताय? मग फाइलच्या नावातली दोन लेबलं वेगवेगळी वाचायला शिका.

पहिलं लेबल आकाराचं. १०८०पी म्हणजे १९२० × १०८० ठिपके, साधारण २०.७ लाख. ४के म्हणजे ३८४० × २१६०, बरोबर चौपट.

दुसरं लेबल कॉपी कुठून आली त्याचं. 'कॅम' म्हणजे थिएटरात पडद्यासमोर कॅमेरा धरून केलेली, 'वेब-डीएल' म्हणजे ओटीटीवरून उतरवलेली, 'ब्लू-रे रिप' म्हणजे डिस्कवरून काढलेली. खरी क्वालिटी इथे ठरते. कॅम कॉपी १०८०पी केली तर ठिपके वाढतात, चित्र सुधारत नाही. पातळ ताक मोठ्या पातेल्यात ओतलं म्हणून घट्ट होतं का?

आता धंद्याचं बोलू. लेबल कुठलंही असो, चोरीची कॉपी नफ्यासाठी लोकांना दाखवली तर २०२३च्या सिनेमॅटोग्राफ दुरुस्ती कायद्यानुसार किमान ३ महिने कैद आणि किमान ३ लाख दंड होऊ शकतो. ओटीटीचं घरगुती सबस्क्रिप्शनही जाहीर शोला चालत नाही. निर्माता किंवा वितरकाकडून लेखी परवानगी घ्या, फाइल त्यांच्याकडूनच मागा, आणि तो खर्च कोटेशनमध्ये आधीच धरा.