लघवीच्या पिशवीची भिंत आणि कर्करोगाची खोली

शेतात तण दिसले की त्याची मुळे किती खोल आहेत हे पाहून आपण हत्यार निवडतो. वरवरचे गवत खुरप्याने निघते. हराळी मात्र खुरप्याला दाद देत नाही. तिच्यासाठी नांगर घालावा लागतो आणि काशा वेचाव्या लागतात. वरून दोन्ही हिरवेच दिसते. फरक असतो तो जमिनीखाली.

लघवीच्या पिशवीत, म्हणजे मूत्राशयात, कर्करोगाची गाठ झाली तर डॉक्टरही हेच पाहतात. गाठ केवढी आहे आणि किती आहेत हे ते तपासतातच. परंतु सर्वांत मोठा प्रश्न असतो तो हा, की गाठीची मुळे पिशवीच्या भिंतीत कुठवर गेली आहेत? विशेषतः, ती भिंतीच्या जाड स्नायूपर्यंत पोचली आहेत की नाहीत? पुढचा सारा उपचार ह्या एका उत्तरावर ठरतो. म्हणून ही भिंत कशी आहे ते आज समजून घेऊ.

भिंतीचे चार थर

मूत्रपिंडांत तयार झालेली लघवी दोन नळ्यांवाटे ओटीपोटातील ह्या पिशवीत थेंब थेंब उतरते. मोठ्या माणसाच्या पिशवीत साधारण अर्धा लिटर लघवी मावते. पिशवी भरताना भिंत ताणून पातळ होते, रिकामी झाली की पुन्हा जाड होते.

सर्वांत आतला थर म्हणजे अस्तर. ते पेशींच्या मोजक्या पदरांचे असते आणि लघवीतील विषारी द्रव्ये भिंतीत झिरपू देत नाही. मूत्राशयाचे बहुतेक कर्करोग ह्या अस्तरातच सुरू होतात.

अस्तराखाली मऊ जाळीसारखा दुसरा थर आहे. त्यात रक्तवाहिन्या व लसीकावाहिन्या असतात. स्नायूचे काही बारीक, विखुरलेले धागेही ह्या थरात असतात. हे धागे लक्षात ठेवावेत, कारण पुढे त्यांच्यामुळेच घोटाळा होतो.

तिसरा थर हा खरा जाड स्नायू होय. डॉक्टर त्याला डेट्रुसर म्हणतात. त्याचे तंतू आतल्या बाजूस उभे, मध्ये आडवे गोल आणि बाहेर पुन्हा उभे असे असतात, असे पुस्तकात लिहिलेले असते. पण हे तीन पदर स्पष्ट वेगळे दिसतात ते फक्त पिशवीच्या मानेजवळ. इतरत्र सगळे तंतू सुंभाच्या खाटेसारखे एकमेकांत गुंतलेले असतात. ह्या विणीमुळेच पिशवी चोहोबाजूंनी सारखी आवळली जाते आणि पूर्ण रिकामी होते.

चौथा थर बाहेरच्या चरबीचा. त्यापलीकडे पुरुषांत प्रोस्टेट ग्रंथी आणि स्त्रियांत गर्भाशय व योनिमार्ग हे शेजारी आहेत.

रोगाच्या पायऱ्या

रिपोर्टवर 'टी' हे अक्षर आणि त्यापुढे एक खूण असते. ती खूण म्हणजे खोलीचे माप होय.

टी-ए म्हणजे गाठ कोबीच्या गड्ड्यासारखी आत वाढली आहे, पण अस्तर ओलांडून खाली गेलेली नाही. टी-१ म्हणजे ती अस्तराखालच्या मऊ थरात शिरली आहे. टी-२ म्हणजे जाड स्नायूत शिरली. त्यातही स्नायूच्या आतल्या अर्ध्या भागापर्यंत गेली तर टी-२-ए आणि बाहेरच्या अर्ध्यात गेली तर टी-२-बी. स्नायूचे तंतू गुंतलेले असल्यामुळे येथे पदर न मोजता अर्धा-अर्धा भाग धरतात. टी-३ म्हणजे बाहेरच्या चरबीपर्यंत, आणि टी-४ म्हणजे शेजारच्या अवयवात किंवा ओटीपोटाच्या भिंतीत.

ह्याशिवाय अस्तरातच सपाट पसरणारा एक प्रकार आहे. तो वरवरचा असला तरी दांडगा असतो आणि उपचार न केल्यास खोल जाण्याची भीती मोठी असते. म्हणून 'वरवरचा आहे' एवढे ऐकून निर्धास्त होऊ नये.

खोलीला एवढे महत्त्व का, हे १९४६ साली अमेरिकेतील ह्यू ज्युएट आणि जॉर्ज स्ट्राँग ह्या डॉक्टरांनी दाखवून दिले. ह्या रोगाने ग्रासलेल्या १०७ मृत व्यक्तींच्या शवविच्छेदनाचा त्यांनी अभ्यास केला. रोग स्नायू ओलांडून बाहेर गेला होता, तेथे बहुतेकांच्या शरीरात तो इतरत्र पसरलेला आढळला. स्नायूच्या आतच थांबला होता, तेथे असा पसार क्वचित होता. आजची पायऱ्यांची मांडणी ह्याच पायावर उभी आहे.

तुकड्यात स्नायू हवाच

तपासणीसाठी रुग्णाला भूल देऊन मूत्रमार्गातून दुर्बीण आत घालतात. तिच्या टोकाशी असलेल्या विजेच्या तारेने गाठ खरवडून काढतात. पोटावर चिरा द्यावा लागत नाही. काढलेले तुकडे पॅथॉलॉजिस्टकडे जातात.

येथेच एक अडचण उभी राहते. तुकड्यांत जाड स्नायूचा अंशच आला नसेल, तर रोग स्नायूत शिरला आहे की नाही हे कसे सांगणार? नांगराचा फाळ जेथवर गेलाच नाही, तेथे काशा नाहीत असे म्हणता येत नाही. शिवाय दुसऱ्या थरातील ते बारीक धागे तुकड्यात दिसले, तर त्यांना जाड स्नायू समजण्याची चूक होऊ शकते. तसे झाले तर टी-१ च्या रुग्णाला टी-२ ठरवले जाईल आणि गरज नसताना पिशवी काढण्याची पाळी येईल. ह्या धाग्यांकडे डॉक्टरांचे नीट लक्ष गेले ते १९८०च्या दशकात. त्यामुळे 'स्नायू आहे' एवढे लिहून भागत नाही. कोणता स्नायू, हेही लिहावे लागते.

म्हणून टी-१ निघाल्यास, किंवा पहिल्या तुकड्यांत जाड स्नायू न आल्यास, दोन ते सहा आठवड्यांनी डॉक्टर पुन्हा खरवडण्यास बोलावतात. अशा वेळी पुष्कळ लोक म्हणतात, "एकदा झाले ना ऑपरेशन? आता पुन्हा कशाला खर्च?" आणि घरी बसतात. बंधुभगिनींनो, ही दुसरी खेप म्हणजे डॉक्टरांची चूक किंवा पैशाचा लोभ नव्हे. पहिल्या वेळी मागे राहिलेला रोग ह्या खेपेस पुष्कळदा सापडतो. कधी रोग स्नायूत गेल्याचेही ह्याच वेळी कळते.

पायरीप्रमाणे उपचार

नव्याने सापडणाऱ्या चार रुग्णांपैकी साधारण तिघांचा रोग स्नायूपर्यंत पोचलेला नसतो. त्यांची पिशवी बहुधा राखता येते. गाठ खरवडून काढल्यावर गरजेप्रमाणे पिशवीत औषध सोडतात. त्यांतले एक औषध बी.सी.जी. हे आहे. क्षयरोगाविरुद्ध तान्ह्या मुलांच्या दंडावर टोचतात तीच ही लस. कॅनडातील डॉक्टर अल्वारो मोरालेस यांनी १९७६ साली तिचा मूत्राशयाच्या गाठींवरील उपयोग प्रसिद्ध केला. सुरुवातीस आठवड्याला एकदा, अशी सहा आठवडे ती पिशवीत सोडतात.

मात्र खुरपलेल्या शेतात पुन्हा तण उगवते, तशा ह्या गाठी पुन्हा येण्याची खोड फार आहे. पहिली दुर्बीण तपासणी सहसा तीन महिन्यांनी होते आणि पुढे काही वर्षे ठरलेल्या वेळी करावी लागते. बरे वाटते म्हणून ती चुकवू नये.

रोग जाड स्नायूत शिरला असेल तर खरवडणे पुरे पडत नाही. तेव्हा आधी औषधाची इंजेक्शने देऊन मग पिशवी काढतात आणि आतड्याच्या तुकड्यातून लघवीसाठी नवी वाट करतात. काही निवडक रुग्णांत खरवडणे, इंजेक्शने व किरणोपचार यांच्या मेळाने पिशवी वाचवता येते. आपल्याबाबतीत हे शक्य आहे का, असे डॉक्टरांना अवश्य विचारावे.

आपण काय करावे?

पहिली खूण म्हणजे लघवीतून रक्त जाणे. ते बहुधा दुखत नाही. एकदा जाते, मग आठ-पंधरा दिवस किंवा महिनाभर लघवी स्वच्छ होते. "उन्हात काम केले, अंगात उष्णता झाली" असे म्हणून माणूस सब्जा आणि धण्याचे पाणी पितो. रक्त आपोआप थांबते आणि श्रेय मात्र धण्याच्या पाण्याला जाते! तेवढ्या अवधीत मुळे खाली उतरत असतात. बीट खाल्ल्याने किंवा क्षयाच्या गोळ्यांनीही लघवी लालसर होते हे खरे. पण ते ठरविण्यासाठी लघवीची साधी तपासणी आहे. स्त्रियांनी विशेष जपावे. लघवीला जळजळ व रक्त म्हणजे जंतुदोषच, असे समजून त्यांना वारंवार गोळ्या दिल्या जातात. गोळ्यांनंतरही रक्त दिसले तर सोनोग्राफी व दुर्बीण तपासणी मागावी.

ह्या रोगाचे सर्वांत मोठे कारण तंबाखूचा धूर होय. सुमारे निम्मे रुग्ण त्यामुळेच होतात. धुरातील विष रक्तात जाते, मूत्रपिंड ते गाळून लघवीत टाकते, आणि ती लघवी तासन्‌तास अस्तराला लागून राहते. फ्रँकफुर्टचे डॉक्टर लुडविग रेन यांनी १८९५ साली रंगाच्या कारखान्यातील कामगारांत मूत्राशयाच्या गाठी दाखवून दिल्या, त्याचेही कारण अशीच रसायने होती. आपल्या निपाणी भागात तर विडीचा तंबाखू पिकतो. विडी सहज हाताशी असते. पीक बदलणे एका दिवसात होत नाही, पण ओठांतली विडी आजच टाकता येते. रोग झाल्यावरही ती सोडल्याने लाभच होतो.

शेवटी एवढे करा. लघवीत एकदा जरी रक्त दिसले तरी त्याच आठवड्यात दवाखाना गाठा. खर्चाची काळजी असल्यास आयुष्मान भारत कार्ड चालते का, हे आधी विचारा. तुकड्याचा रिपोर्ट हाती आला की डॉक्टरांना दोन प्रश्न करा: "तुकड्यात जाड स्नायू आला आहे का? आणि रोग त्यात शिरला आहे का?" उत्तर घरातल्या जाणत्या माणसाकडून कागदावर लिहून घ्या आणि तो कागद रिपोर्टाबरोबर जपून ठेवा. पुढच्या प्रत्येक डॉक्टराला तो लागणार आहे.