बुख्टेल्न: पोटात जॅम असलेले व्हिएन्नाचे बन

चेक लोकांच्या घरातल्या ‘बुख्ती’ ऑस्ट्रियात ‘बुख्टेल्न’ झाल्या. बोहेमियातून व्हिएन्नाला गेलेल्या स्वयंपाकिणींनी हे बन तिथे रुजवले. १९३९ साली उघडलेल्या तिथल्या कॅफे हावेल्काची तर रात्री मिळणारे गरम बुख्टेल्न ही ओळखच झाली. घरी करायला हा प्रकार अवघड नाही, पण घाई मात्र चालत नाही.

बारा बनांसाठी ३०० ग्रॅम मैदा, दीड छोटा चमचा इन्स्टंट यीस्ट, १५० मिलिलिटर दूध, एक अंडे, ४० ग्रॅम साखर, ५० ग्रॅम मऊ लोणी, अर्धा चमचा मीठ आणि थोडी किसलेली लिंबाची साल घ्या. शिवाय बन बुडवायला ५० ग्रॅम वितळलेले लोणी लागेल.

आधी जॅम बघा, कारण बहुतेकांचे बन इथेच फसतात. मूळ पदार्थात ‘पोविडल’ असते, म्हणजे तासन्‌तास आटवून जवळजवळ काळा झालेला प्लमचा घट्ट गर. तो भट्टीतही जागचा हलत नाही. आपला बाटलीतला जॅम मात्र उष्णतेने पातळ होतो आणि फट सापडली की बाहेर येतो. म्हणून तो मंद आचेवर थोडा आटवून पूर्ण गार करा. चमचा उलटा धरला तरी पडायला नको. गरम जॅम भरू नका, पीठ सैल पडते आणि तोंड मिटत नाही.

दूध कोमट करा. बोट बुडवून चटका बसला तर ते जास्त गरम आहे. यीस्ट म्हणजे पीठ फुगवणारी जिवंत बुरशी, कढत दुधात ती मरते.

लोणी सोडून सगळे एकत्र करून मळा, मग लोणी थोडे थोडे घाला. पीठ हाताला चिकटेल. इथे मैद्याची मूठ टाकायचा मोह आवरा, त्यानेच बन कोरडे होतात. दहा-बारा मिनिटे मळत राहा. पीठ गुळगुळीत होते आणि चिमूटभर ताणल्यास न तुटता पातळ पडदा धरते, तेव्हा मळणे पुरे.

झाकून ठेवा. उन्हाळ्यात तासाभरात ते दुप्पट होते, थंडीत दोन तासही लागतात. घड्याळापेक्षा पिठाकडे लक्ष द्या.

आता बारा गोळे करा. पुरणपोळीचा उंडा भरतो तसेच करायचे: कडा पातळ, मध्य जाड, मधोमध चमचाभरच जॅम. कडेला जॅम लागला की ती चिकटतच नाही, त्यामुळे बोटे कोरडी ठेवा. कडा एकत्र आणून घट्ट चिमटा काढा.

प्रत्येक गोळा वितळलेल्या लोण्यात सगळीकडून बुडवा. हे फक्त चवीसाठी नाही. लोण्याच्या थरामुळेच भाजल्यावर बन एकमेकांपासून अलगद सुटतात. नऊ इंची उंच काठाच्या भांड्यात, सांधा खाली करून, शेजारी शेजारी लावा. एकमेकांना खेटून असल्यामुळे ते बाजूला पसरत नाहीत, वर उचलले जातात आणि कडा मऊ राहतात.

झाकून आणखी अर्धा-पाऊण तास ठेवा. ही दुसरी फुगवण पुष्कळजण टाळतात. मग ओव्हनमध्ये बन एकदम फुगतो, सांधा फुटतो आणि जॅम तळाशी जळतो. हलके दाबल्यावर खळगा सावकाश भरून आला तर बन तयार आहेत.

आधीच तापवलेल्या ओव्हनमध्ये १८० अंशांवर पंचवीस ते तीस मिनिटे भाजा. रंग फसवतो: वरून सोनेरी, पण मधले बन आत कच्चे, असे हमखास होते. मधल्या दोन बनांच्या सांध्यात सुई घालून पाहा, ओले पीठ लागायला नको. वरचा भाग लवकर लाल झाला तर फॉइल झाका.

व्हिएन्नात पिठीसाखर भुरभुरवून किंवा कोमट व्हॅनिला सॉससोबत ते खातात. ते त्याच दिवशी खावेत, शिळे झाल्यावर मजा जाते. मात्र बाहेरून बन कोमट लागला तरी आतला जॅम बराच वेळ कढत असतो. लहान मुलांना देण्याआधी एक फोडून पाहा.