पेन्शनचे कागद, भाग 7 : नियम 27 आणि चार वर्षांची मुदत

निवृत्तिवेतनाचे प्रकरण महालेखापालांकडे कसे जाते, ते गेल्या आठवड्यात पाहिले. ते तिथवर पोहोचू न देणारा सर्वांत मोठा अडथळा म्हणजे प्रलंबित विभागीय चौकशी.

समजा, पेण तालुक्यात, जित्यासारख्या गावी काम केलेला एखादा तलाठी 31 मे रोजी निवृत्त होतो आहे. (शाळेच्या दाखल्याच्या कृपेने आपल्याकडे 1 जूनला जन्मलेले इतके, की मेअखेर सरकारी कचेऱ्यांत हारतुऱ्यांचा हंगामच असतो.) मुंबई-गोवा महामार्गालगतच्या एका जमिनीच्या फेरफाराबद्दल त्याच्याविरुद्ध तक्रार होती. ती सात वर्षे कपाटात पडून राहिली. निरोप समारंभाला आठवडा उरला असताना ती कुणाला तरी आठवते आणि दोषारोपपत्र हातात पडते.

ही घाई कशासाठी, ते महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, 1982 मधील नियम 27 वाचला की कळते. कर्मचारी सेवेत असताना दोषारोपपत्र बजावले, तर चौकशी निवृत्तीनंतरही पुढे चालू राहते. निवृत्तीनंतर ती नव्याने सुरू करायची, तर राज्य शासनाची मंजुरी लागते आणि घटना चार वर्षांहून जुनी चालत नाही. चौकशी सुरू झाल्याची तारीख म्हणजे दोषारोपपत्र दिल्याची तारीख; आधीच निलंबन झाले असेल तर निलंबनाची. प्राथमिक चौकशी, खुलासा मागणारी नोटीस, तोंडी दम यांपैकी काहीही त्यात धरले जात नाही.

पेणचेच बाळगंगा धरण घ्या. कामाचा ठेका 2009 चा, त्याबद्दल लाचलुचपत प्रतिबंधक विभागाने नोंदवलेला गुन्हा 2015 चा. फौजदारी खटल्याची वाट वेगळी आणि दोषी कोण हे न्यायालय ठरवील. पण 2009 मधल्या एखाद्या निर्णयासाठी निवृत्त अधिकाऱ्याची नव्याने विभागीय चौकशी करायची असती, तर दोषारोपपत्र 2013 पर्यंतच निघायला हवे होते. म्हणजे खाते झोपले की दोषी माणूस अलगद सुटतो.

आणि निर्दोष माणूस अडकतो. चौकशी संपेपर्यंत नियम 130 प्रमाणे त्याला तात्पुरते निवृत्तिवेतन मिळते. पण मोठ्या शिक्षेची कारवाई असेल तर उपदान, म्हणजे ग्रॅच्युइटी, थांबते. अंशराशीकरणही, म्हणजे निवृत्तिवेतनाच्या काही भागाऐवजी एकरकमी पैसे घेणेही, करता येत नाही. मुलीचे लग्न, घराचे कर्ज सगळे त्या रकमेवर बेतलेले असते. शेवटी दोषमुक्तीचा आदेश आला, तरी गेलेली वर्षे कोण परत देणार? माझ्या मते शेवटच्या आठवड्यातले दोषारोपपत्र ही शिस्त नव्हे, खात्याने स्वतःच्या आळसावर घातलेले पांघरूण आहे.

न्यायालयांनाही असा विलंब पटत नाही. बनी सिंग प्रकरणात बारा वर्षांहून अधिक उशिराने काढलेली चौकशी सर्वोच्च न्यायालयाने 1990 मध्ये चालू दिली नाही. पी. व्ही. महादेवन प्रकरणात 2005 मध्ये दहा वर्षांच्या विलंबामुळे दोषारोपच रद्द झाले. प्रेमनाथ बाली निकालाने 2015 मध्ये मुदतही सांगितली : चौकशी शक्यतो सहा महिन्यांत, फार तर वर्षभरात संपवावी. तरीही विलंब झाला म्हणून चौकशी आपोआप रद्द होत नाही. आरोप किती गंभीर, उशीर कुणामुळे, त्याने बचावाला काय बाधा आली, हे सगळे तपासले जाते. तारखा स्वतःच मागून घेतल्या असतील, तर विलंबाची तक्रार टिकणे कठीण.

म्हणून अशा फेऱ्यात अडकलेल्यांनी आधी तीन तारखा कागदावर मांडाव्यात : घटनेची, दोषारोपपत्राची आणि निवृत्तीची. चौकशी लवकर संपवण्याची मागणी लेखी करून पोच घ्यावी. सहा महिन्यांत निर्णय आला नाही, तर त्यापुढच्या एका वर्षाच्या आत महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे ‘मॅट’मध्ये, अर्ज करता येतो. रायगडकरांसाठी ते मुंबईत आहे.