नळाने गेलेलं विष

उत्तर इटलीत, आल्प्सच्या पायथ्याशी त्रिस्सिनो नावाचं छोटं गाव आहे. १९६०च्या दशकात एका कापड उद्योगाने तिथे रसायनांची प्रयोगशाळा काढली. तिचा पुढे मोठा कारखाना झाला, नाव मितेनी. माल कसला? पाणी, तेल, डाग काहीच धरू न देणारी रसायनं, म्हणजे पीएफएएस. त्यांच्यातला कार्बन-फ्लोरिनचा बंध इतका घट्ट असतो की ऊन, माती, जिवाणू यांचं त्यापुढे फारसं काही चालत नाही. म्हणून त्यांना चिरंतन रसायनं म्हणतात. आपले चिरंजीव सात. हे हजारोंनी आहेत.

कारखान्याची जागाच नडली. डोंगरातलं पाणी वाळू-गोट्यांतून मुरून जिथे भूजलाला मिळतं, नेमका त्याच पट्ट्यावर तो उभा होता. २०१३मध्ये इटलीच्या राष्ट्रीय संशोधन परिषदेच्या पाहणीतून खालच्या अंगाच्या गावांत ही रसायनं उघडकीला आली आणि नकाशा काढायची वेळ आली.

प्रदूषणाचा नकाशा म्हणजे कारखान्याभोवती कंपासने काढलेलं वर्तुळ, असं मलाही पूर्वी वाटे. (रसायनशास्त्र मी शाळेनंतर एकट्यानेच वाचलं, अशा समजुती उशिरा सुटतात.) भूजल उताराकडे सरकतं, त्यामुळे डाग जिभेसारखा लांबट होतो. पण व्हेनेतो प्रांताने आखलेलं ‘लाल क्षेत्र’ या जिभेतही मावत नाही. व्हिचेन्झा, व्हेरोना आणि पादोव्हा जिल्ह्यांतल्या ३० नगरपालिकांचं हे क्षेत्र ‘अ’ आणि ‘ब’ अशा दोन भागांत आहे. ‘अ’मध्ये जमिनीखाली दूषित पाणी आणि नळालाही तेच. ‘ब’ मात्र त्या दूषित पट्ट्यावर नाहीच. तिथे विष पोचलं ते नळयोजनेतून. म्हणजे हा नकाशा भूगर्भतज्ज्ञाचा आहे तितकाच प्लंबरचा.

नळयोजनांना सक्रिय कोळशाच्या गाळण्या बसल्या, पाणी सुधारलं. रक्त इतक्या लवकर सुधारत नाही. पीएफओए हे यातलं कुप्रसिद्ध रसायन शरीरात निम्म्यावर यायलाच दोन-तीन वर्षं घेतं. त्यामुळे पुढे रहिवाशांच्या रक्ताची तपासणी सुरू झाली, आणि पाण्याच्या नकाशावर माणसांचा नकाशा चढला.

२०२३मध्ये ‘ल मोंद’सह अनेक वृत्तपत्रांनी अख्ख्या युरोपचा असा नकाशा काढला. त्यात १७,००० हून अधिक दूषित ठिकाणं होती, पैकी २,०००च्या वर ठिकाणी लिटरमागे १०० नॅनोग्रॅम किंवा जास्त. तो पाहताना एक सावधगिरी हवी. जिथे तपासण्या झाल्या तिथे ठिपके दाट दिसतात. कोरी जागा स्वच्छच असेल असं नाही.

मितेनीचं २०१८मध्ये दिवाळं निघालं. जून २०२५मध्ये व्हिचेन्झाच्या न्यायालयाने ११ जणांना दोषी ठरवलं. शिक्षांची बेरीज १४१ वर्षं. मधल्या काळात कारखान्याची यंत्रसामग्री लिलावात लक्ष्मी ऑरगॅनिक या भारतीय कंपनीने घेतली. ती आली रत्नागिरी जिल्ह्यात, लोटे परशुरामला.

यंत्रं आली म्हणजे प्रदूषण झालं, असं मी म्हणत नाही. पण पिण्याच्या पाण्याच्या आपल्या २०१२च्या मानकात पीएफएएसची मर्यादाच नाही, आणि मर्यादा नसलेली गोष्ट सहसा कुणी मोजत नाही. लोट्याच्या विहिरी, वाशिष्ठी, दाभोळची खाडी यांचे आजचे आकडे नोंदवले, तरच दहा वर्षांनी तुलना करता येईल. नमुना घेताना बाटलीच्या झाकणाला टेफ्लॉनचं अस्तर नको. तेही याच कुळातलं.