तेहेतीस झोनांचा ऑपेल

ट्युबिंगेन विद्यापीठाचे प्राध्यापक फ्रीड्रिख क्वेन्स्टेट १८३७ साली तिथं रुजू झाले आणि १८८९ मध्ये मृत्यू येईपर्यंत तिथंच राहिले. नैर्ऋत्य जर्मनीतला स्वाबियाचा डोंगराळ मुलूख आणि त्याच्या पोटातले ज्युरासिक खडक हेच त्यांचं जग. त्या खडकांची त्यांनी लावलेली वाटणी कुणालाही कळावी इतकी सोपी होती : सगळ्यात खाली काळा ज्युरा, मधे तपकिरी, वर पांढरा. प्रत्येकाचे ग्रीक अक्षरांनी अल्फा ते झीटा असे सहा भाग. तीन सक अठरा. स्वाबियात हातोडा घेऊन फिरणाऱ्याला आजही ही अक्षरं उपयोगी पडतात.

अडचण स्वाबियाची हद्द ओलांडली की सुरू होते. इथं जो थर काळ्या शेलचा आहे, तोच फ्रान्समध्ये चुनखडकाचा असतो. इंग्लंडमध्ये त्याची जाडी दहापट होते, नाहीतर तो हातभरावर येतो. रंग आणि पोत पाहून ओळख पटवायची म्हटली, तर शेजारच्या देशातही दगड दगा देतात. क्वेन्स्टेट यांना हे पक्कं ठाऊक होतं, म्हणून दूरदूरचे थर परस्परांशी जुळवण्याच्या उद्योगाकडे ते संशयानंच पाहत. त्यांच्या एका विद्यार्थ्यानं मात्र नेमका तोच उद्योग आरंभला.

आल्बर्ट ऑपेलचा जन्म १९ डिसेंबर १८३१ चा, स्टुटगार्टजवळच्या होहेनहाइमचा. क्वेन्स्टेट यांच्या हाताखाली शिकून त्यानं १८५३ मध्ये डॉक्टरेट मिळवली आणि लगेच प्रवासाची तयारी केली. १८५४ आणि १८५५ ही वर्षं त्यानं फ्रान्स, इंग्लंड आणि जर्मनीतल्या खाणी, समुद्रकडे आणि संग्रहालयं पालथी घालण्यात काढली. त्यातून आठशेहून अधिक पानांचा ग्रंथ उभा राहिला. इंग्लंड, फ्रान्स आणि नैर्ऋत्य जर्मनीतल्या ज्युरासिक खडकांचा हा तौलनिक अभ्यास १८५६ ते १८५८ या काळात भागाभागानं प्रसिद्ध झाला. लेखकाचं वय तेव्हा पंचविशीच्या आसपास. ग्रंथ वाचायला रुक्ष आहे. प्रजातींच्या याद्यांमागून याद्या येतात. पण भूशास्त्राच्या इतिहासात इतक्या फलदायी याद्या फार थोड्या असतील.

त्यानं केलं काय, तर खडकाकडे पाहणंच बाजूला ठेवलं. शेल आहे, चुनखडक आहे की वाळूखडक, काळा आहे की पांढरा, हे तात्पुरतं विसरायचं. एकेक प्रजाती घ्यायची आणि ती खालून वर जाताना कुठं पहिल्यांदा दिसते, कुठं शेवटची, एवढंच नोंदवायचं. शंभर ठिकाणी, शेकडो प्रजातींसाठी. मग त्या उभ्या रेषा शेजारी शेजारी मांडल्या की काही प्रजाती नेहमी एकत्रच सापडतात आणि त्यांचा क्रम कुठंही उलटत नाही, हे दिसू लागतं. अशा प्रत्येक सोबतीला ऑपेलनं ‘झोन’ म्हटलं आणि तिच्यातल्या एका ठळक प्रजातीचं नाव दिलं. अवघ्या ज्युरासिकचे त्यानं तेहेतीस झोन पाडले. त्यातले बहुतेक अमोनाइट या गुंडाळलेल्या शंखांच्या सागरी प्राण्यांच्या नावांनी ओळखले जातात. एखादा समुद्रकमळाच्या किंवा शिंपल्याच्याही नावाचा आहे.

एकाच जीवाश्मावर विसंबून चालत नाही, हा या पद्धतीतला बारकावा पुष्कळदा निसटतो. समजा, एखाद्या जुन्या वाड्याचा पाया खणताना शिवराई सापडली. पाया शिवकाळाच्या आधीचा नाही, एवढंच त्यावरून म्हणता येईल. कारण शिवराई पेशवाईत चालली आणि पेशवाई बुडाल्यावरही बाजारात फिरत राहिली. पण तिच्यासोबत कंपनी सरकारचा पैसाही निघाला, तर काळ एकदम आवळून येतो. ऑपेलचा भर या ‘सोबत’ शब्दावर होता. झोनला नाव एका अमोनाइटाचं असलं, तरी तो अमोनाइट न सापडताही त्याच्या साथीदारांवरून झोन ओळखता येतो.

अमोनाइटच का, याचं उत्तर त्यांच्या जगण्यात आहे. हे प्राणी पाण्यात पोहत. मेल्यावर हवेच्या कप्प्यांमुळे रिकामे शंख तरंगत लांबवर जात. त्यामुळे एकच प्रजाती चिखलाच्या तळावरही सापडते आणि चुन्याच्या तळावरही. शिवाय त्यांचं रूप झपाट्यानं बदलत गेलं. एखादी जात आली, पसरली आणि काही लाख वर्षांत नाहीशी झाली. ऑपेलच्या तळच्या झोनला नाव देणारा ‘प्लॅनॉर्बिस’ हा गुळगुळीत, चपटा, चारआठ आण्यांच्या नाण्याएवढा अमोनाइट इंग्लंडच्या सॉमरसेट किनाऱ्यावर शेलमध्ये अगदी दाबून सपाट झालेला सापडतो. त्याच्यावरची मोत्याची झाक वीस कोटी वर्षांनंतरही टिकून आहे. दगड तिरका धरला की हिरवी-तांबडी चमक मारते.

यॉर्कशरमधल्या व्हिटबीच्या अमोनाइटांची कथा वेगळी. संत हिल्डानं तिथल्या सापांचे दगड केले, अशी आख्यायिका आहे. साप म्हटल्यावर डोकं हवं, म्हणून तिथले कारागीर अमोनाइटाच्या टोकाला चक्क सापाचं डोकं कोरून ते विकत. गावाच्या मानचिन्हावरही असे तीन वेटोळे आहेत. तिथला ‘बायफ्रॉन्स’ हा अमोनाइट आज मानल्या जाणाऱ्या एका झोनचा नामधारक आहे.

श्रद्धेचा असा योग आपल्याकडेही जुळून आलेला आहे. दिवाळीनंतर तुळशीचं लग्न लागतं तेव्हा काही घरांत नवरदेव म्हणून बाळकृष्णाऐवजी शाळिग्राम असतो. नेपाळातल्या काली गंडकीच्या पात्रातून येणाऱ्या या काळ्या गोट्यांपैकी ज्यांच्या पोटात चक्र दिसतं, त्यातलं चक्र बहुधा अमोनाइटाचं असतं. हे गोटे हिमालयातल्या ‘स्पिती शेल’ नावाच्या ज्युरासिक थरांतून सुटून नदीत येतात. या स्पिती शेलच्या पहिल्या अभ्यासकांमध्ये ऑपेलचं नाव आहे, आणि तो भारतात कधी आलेला नव्हता.

त्याच्यापर्यंत दगड पोचवले श्लागिन्टवाइट बंधूंनी. हेर्मान, आडोल्फ आणि रोबेर्ट हे म्युनिकचे तिघे भाऊ. अलेक्झांडर फॉन हुम्बोल्टची शिफारस आणि ईस्ट इंडिया कंपनीचा पैसा यांच्या बळावर ते १८५४ मध्ये मुंबई बंदरात उतरले आणि पुढची तीन वर्षं दख्खनपासून तिबेटच्या सीमेपर्यंत हिंडले. आडोल्फ परतलाच नाही. १८५७ च्या ऑगस्टमध्ये काशगरला वली खानाच्या हुकुमावरून त्याचा शिरच्छेद झाला. भावांनी गोळा केलेले स्पिती आणि तिबेटातल्या ङारी मुलखातले जीवाश्म म्युनिकला पोचले. ऑपेलनं १८६० च्या दशकात त्यांचं वर्णन प्रसिद्ध केलं. युरोपबाहेर आपली फूटपट्टी लावून पाहण्याची त्याला मिळालेली ही मोठी संधी.

म्युनिकला तो १८५८ मध्येच आला होता. तिथं १८६० मध्ये प्राध्यापक झाला आणि १८६१ मध्ये जीवाश्म संग्रहाची सूत्रं त्याच्या हाती आली. त्याच वर्षी बव्हेरियातल्या पापेनहाइमच्या हेबर्लाइन या डॉक्टरकडे पिसांच्या ठशांसकट एक सांगाडा आला होता. तो म्हणजे आर्किऑप्टेरिक्स. डॉक्टरमजकूर व्यवहाराला पक्के, पाहणाऱ्याला चित्र काढू देत नसत. ऑपेलनं तो नमुना पाहिला, मनात साठवला आणि नंतर स्मरणानं कागदावर उतरवला, अशी हकीकत सांगितली जाते. जीवाश्म अखेर सातशे पौंडांच्या सौद्यात लंडनला गेला. म्युनिकच्या हातावर तुरी! ऑपेलनं १८६२ मध्ये त्याच परिसरातल्या दगडांवरच्या पावलांच्या ठशांवर लेख लिहिला आणि ते या पक्ष्याचे असावेत असं सुचवलं. पुढं ते ठसे हॉर्सशू क्रॅबचे निघाले. याद्यांच्या बाबतीत इतका सावध माणूस पक्ष्याच्या मोहात पडला, हे मला तरी बरं वाटतं.

झोनांच्या कामातलं खरं नवल तारखांत आहे. डार्विनचा ‘ओरिजिन’ आला १८५९ मध्ये, म्हणजे ऑपेलचा ग्रंथ पूर्ण झाल्यावर. प्रजाती का बदलतात, याचं कोणतंही उत्तर हाताशी नसताना त्यानं त्यांचा क्रम लावला. थराचं वय वर्षांत मोजण्याचं साधन तर विसाव्या शतकात आलं. फ्रान्सचा आल्सिद दॉर्बिन्यी वारंवार झालेल्या महाविनाशांच्या कल्पनेवर आपले कालखंड बेतत होता. ऑपेलनं त्याच्या कालखंडांची नावं घेतली आणि विनाशाची गरज बाजूला ठेवली. उपपत्ती बदलल्या, पण झोन जागचे हलले नाहीत. आज वायव्य युरोपातल्या ज्युरासिकचे सत्तरहून अधिक अमोनाइट झोन मानले जातात. ज्युरासिकचा काळ साडेपाच कोटी वर्षांहून थोडा अधिक, म्हणजे सरासरीनं एक झोन दहा लाख वर्षांच्या आतला.

ऑपेलचा शिष्य विल्हेल्म वागेन हाच धागा पुढं ओढत भारतात आला. त्यानं १८६९ मध्ये एका अमोनाइटाचे थरागणिक होत गेलेले बदल दाखवताना ‘म्युटेशन’ हा शब्द वापरला होता. जनुकशास्त्रात त्याला वेगळा अर्थ नंतर मिळाला. वागेन १८७० मध्ये कलकत्त्याला भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणात रुजू झाला. सह्याद्रीच्या बेसॉल्टमध्ये अमोनाइट शोधून उपयोग नाही, तो सगळा लाव्हा आणि वयानं पुष्कळ अलीकडचा. कच्छ मात्र अमोनाइटांचं कोठार आहे. स्टोलिच्का आदी सहकाऱ्यांनी तिथून जमवलेल्या नमुन्यांवर वागेननं १८७३ ते १८७५ या काळात मोठा ग्रंथ लिहिला. पच्छम, चारी, कट्रोल, उमिया ही तिथल्या थरांची चौपदरी मांडणी त्यातून रूढ झाली. चारीच्या थरांतले फुगीर ‘मॅक्रोसेफॅलस’ गटातले अमोनाइट युरोपातल्या आपल्या नातेवाइकांशी जुळत होते. ट्युबिंगेनहून निघालेली पद्धत कच्छच्या उन्हातही चालली. प्रकृती बिघडल्यानं वागेन १८७५ मध्ये परतला. त्याची कच्छची यादी पुढं स्पॅथ या जीवाश्मशास्त्रज्ञानं १९२७ ते १९३३ या काळात नव्यानं तपासली.

गुरूला हे काही पाहता आलं नाही. १८६५ मध्ये ऑपेलनं आल्प्स आणि कार्पेथियन भागातल्या ज्युरासिकच्या अगदी माथ्यावरच्या थरांसाठी नवा कालखंड सुचवला : टिथोनियन. इतर कालखंडांची नावं बहुतेक गावांवरून किंवा प्रदेशांवरून पडलेली; यानं नाव घेतलं ग्रीक पुराणातल्या टिथोनसचं. उषादेवीचा हा पती, म्हणून क्रेटेशिअसच्या पहाटेशी नातं. त्याच डिसेंबरात म्युनिकमध्ये विषमज्वरानं त्याला गाठलं. चौतीस पुरी होऊन आठवडाही उलटला नव्हता. त्याच्या जागी कार्ल त्सिटेल आला आणि टिथोनियनच्या अमोनाइटांचं राहिलेलं काम त्यानं १८६८ आणि १८७० च्या ग्रंथांनी पुढं नेलं.

टिथोनियन हे नाव आजही आंतरराष्ट्रीय कालतक्त्यावर आहे. त्याच्या वरची हद्द, म्हणजे ज्युरासिक संपून क्रेटेशिअस सुरू होतो ती रेघ, हाच वादाचा विषय उरला आहे. त्या काळात उत्तरेकडचे समुद्र आणि भूमध्य पट्ट्यातले समुद्र इतके तुटले होते, की दोन्हीकडचे अमोनाइट एकमेकांशी जुळत नाहीत. चुंबकीय नोंदी झाल्या, सूक्ष्मजीवाश्म पणाला लावले, समित्या नेमल्या, मोडल्या, पुन्हा नेमल्या. ज्युरासिकच्या तळाची खूण ऑस्ट्रियातल्या कूयोखच्या कड्यावर २०१० मध्ये ठरली. क्रेटेशिअसच्या तळासाठी सर्वमान्य कडा अजून निवडला गेलेला नाही.