बुन्युएल आणि सेन्सॉरची कात्री

लुईस बुन्युएल हे नाव घेताच जाणत्या चित्रपटरसिकांना आठवतो तो वस्तऱ्याने चिरलेला डोळा. चित्रकार दालीच्या साथीने १९२९ मध्ये पॅरिसला काढलेल्या त्याच्या पहिल्या लघुपटातील ते दृश्य आजही अंगावर काटा आणते. आम्हांस मात्र या स्पॅनिश दिग्दर्शकाचे मोठेपण निराळ्याच ठिकाणी दिसते. उजवे, डावे, धर्ममार्तंड आणि देशाभिमानी या सर्वांचा रोष त्याने ओढवून घेतला. पण त्यांपैकी एकालाही खूश करण्यासाठी कॅमेऱ्याची दिशा बदलली नाही.

आरागॉन प्रांतातील कालांदा गावी २२ फेब्रुवारी १९०० रोजी एका सधन घरात तो जन्मला आणि सारागोसाच्या जेझुइट शाळेत शिकला. माद्रिदच्या विद्यार्थिगृहात कवी लोर्का आणि दाली हे त्याचे सोबती. देवावरील श्रद्धा त्याने पौगंडावस्थेतच सोडली; परंतु देवाने काही त्याच्या चित्रपटांची पाठ सोडली नाही!

१९३० च्या ‘सुवर्णयुग’ या त्याच्या बोलपटावर उजव्या गुंडांनी पॅरिसच्या चित्रगृहात हल्ला केला आणि पोलिसांनी बंदी घातली ती बोलपटावर. हे एकवेळ समजू शकते. परंतु १९३३ मध्ये त्याने लास उर्देस या दरिद्री डोंगराळ मुलुखावर माहितीपट काढला, तेव्हा स्पेनमध्ये प्रजासत्ताक होते. रामोन आसिन या अराज्यवादी मित्राने लॉटरीत लागलेले पैसे त्यासाठी दिले होते. स्वातंत्र्याचा जयघोष करणाऱ्या त्या राजवटीनेही माहितीपट दडपला. त्या मुलुखाच्या उद्धारमंडळाच्या प्रमुखाने तर, तिथली सुंदर लोकनृत्ये का दाखवली नाहीत, असे बुन्युएललाच विचारले. उपाशी माणसांची लोकनृत्ये सरकारांना नेहमीच प्रिय असतात. (त्यातील काही दृश्ये मुद्दाम घडवून आणलेली होती. कड्यावरून कोसळणाऱ्या बकरीच्या प्रसंगी बंदुकीचा धूर पडद्याच्या कडेला स्पष्ट दिसतो. हा दोष आम्ही झाकू इच्छीत नाही.)

१९३६ मध्ये यादवी पेटली. लोर्का आणि आसिन दोघेही फ्रँकोपक्षीयांच्या गोळ्यांना बळी पडले. बुन्युएल देशोधडीला लागला. अमेरिकेतील काही वर्षांनंतर तो मेक्सिकोत स्थिरावला व १९४९ मध्ये तिथला नागरिक झाला. तिथेही तेच. मेक्सिको शहरातील बेवारस पोरांचे जिणे दाखवणारा त्याचा १९५० चा चित्रपट राष्ट्राची अब्रू घेणारा ठरून काही दिवसांतच उतरवला गेला. पुढच्या वर्षी कान महोत्सवात दिग्दर्शनाचे पारितोषिक मिळताच तो पुन्हा झळकला!

अशा माणसाने १९६१ साली फ्रँकोच्या स्पेनमध्ये जाऊन चित्रपट काढावा, हे त्याच्या निर्वासित देशबांधवांना फितुरीसारखे वाटले. तो रोष आम्ही समजू शकतो. पण ‘विरिदियाना’ने त्यांना उत्तर दिले. जोगीण होऊ पाहणारी एक तरुणी भिकाऱ्यांना आसरा देते आणि तेच तिचे घर उद्ध्वस्त करतात. मेजवानीला बसलेले ते भिकारी एका क्षणी येशूच्या अखेरच्या भोजनाच्या चित्रासारखे स्तब्ध होतात. गोव्यातील ख्रिस्ती शेजाऱ्यांच्या भोजनगृहात ते चित्र आपण पाहिलेले असते. त्याची ही विटंबना भाविकाला झोंबावी यात नवल नाही. मूळ शेवटी ती तरुणी आपल्या चुलत्याच्या मुलाच्या खोलीत शिरते आणि दार बंद होते. सेन्सॉरला ते खपले नाही. बुन्युएलने मुकाट्याने बदल केला : खोलीत मोलकरीणही आहे आणि तिघे मिळून पत्ते खेळतात. सेन्सॉर संतुष्ट! वास्तविक हा शेवट मूळच्यापेक्षा कितीतरी अधिक चावट आहे.

कानचे सर्वोच्च पारितोषिक या चित्रपटाला मिळाले. ते स्वीकारणाऱ्या स्पॅनिश चित्रपट खात्याच्या संचालकाची नोकरी मात्र गेली, कारण व्हॅटिकनच्या मुखपत्राने चित्रपटाचा कडक निषेध केला होता. लगोलग स्पेनमध्ये बंदी आली. त्याच १९६१ च्या डिसेंबरात फ्रँकोच्या शेजारमित्राची, सालाझारची, सत्ता गोमंतकातून गेली. लग्नपत्रिकासुद्धा सेन्सॉरच्या नजरेखालून काढावी लागे, असे दिवस ज्यांनी इथे काढले त्यांना त्या तीन पत्तेखोरांचे मर्म वेगळे सांगायला नको.

पुढे फ्रान्समध्ये त्याने मोठे वैभव पाहिले. १९७२ च्या चित्रपटाला ऑस्करही मिळाले. ‘विरिदियाना’ स्पेनच्या पडद्यावर आला तो फ्रँकोच्या मृत्यूनंतर, १९७७ मध्ये. बुन्युएलने मात्र मेक्सिकोचे नागरिकत्व सोडले नाही. २९ जुलै १९८३ रोजी मेक्सिको शहरातच त्याने देह ठेवला.