गेम यादीत दिसत नाही तेव्हा

ग्राफिक्स कार्डाच्या ॲपमध्ये गेम दिसला नाही, म्हणून कार्डात बिघाड आहे असे नाही; ॲप ओळखीचे गेम ठरावीक ठिकाणीच शोधते. एएमडी कार्डांच्या ॲड्रेनलिन ॲपमध्ये गेम हाताने जोडता येतो, मात्र फाइल अचूक निवडावी लागते. अनरियल इंजिनवरच्या अनेक गेममध्ये बाहेरची छोटी ईएक्सई फाइल नुसती सुरुवात करून देते. खरा गेम ‘बायनरीज’मधल्या ‘विन६४’ फोल्डरात, नावाअखेर ‘शिपिंग’ असलेल्या फाइलीत असतो. ड्रायव्हर गेम ओळखतो तो चालू फाइलीवरून, म्हणून तीच जोडावी.

गेम जोडला की त्याला वेगळी सेटिंग देता येते. सगळ्या गेमना एकच सेटिंग पुरेल, असे कुणी म्हणेल. पण फ्रेमची जी मर्यादा संथ कोड्यांच्या गेममध्ये वीज वाचवते, तीच वेगवान नेमबाजीत अडसर ठरते. वेगळ्या सेटिंगसाठी ही थोडी खटपट जरूर करावी.